वाकलेले जग आणि सरळ वाट

जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) हे ऑक्सफर्ड विद्यापीठात प्राचीन इंग्रजीचे प्राध्यापक होते आणि 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीमुळे त्यांचे नाव जगभर पोचले. परंतु या कादंबरीच्या पाठीशी त्यांनी १९१६ च्या सुमारापासून मृत्यूपर्यंत रचत नेलेले एक विस्तीर्ण कल्पित पुराण उभे आहे आणि त्या पुराणाच्या विश्वरचनेत एका भूमितीय वस्तूला कळीचे स्थान आहे. ती वस्तू म्हणजे एक रेषा असून तिला 'सरळ वाट' असे नाव आहे. या विश्वरचनेनुसार जग आरंभी सपाट होते, पुढे एका महाप्रलयात ते वाकवून गोल करण्यात आले, आणि तसे होताना पश्चिमेच्या अमरभूमीकडे जाणारा सागरी मार्ग तेवढा जगाबरोबर वाकला नाही. तो पूर्वीसारखाच सरळ राहिला. साहजिकच गोल झालेल्या पृथ्वीला एका ठिकाणी स्पर्श करून तो आकाशात निघून जातो. वर्तुळाला एकाच बिंदूत स्पर्श करणाऱ्या रेषेला भूमितीत स्पर्शिका म्हणतात आणि सरळ वाट ही पृथ्वीची अशी स्पर्शिका आहे. ही रेषा कोणत्या अडचणीतून जन्माला आली, तिला निरर्थक ठरवणारी विश्वरचना तिच्या निर्मात्यानेच दोन वेळा कशी मांडून पाहिली आणि अखेर ती कशी टिकली, याचा इतिहास सुमारे चार दशकांचा आहे.

पहिल्या महायुद्धात सोमच्या रणांगणावरून खंदकज्वराने आजारी होऊन टॉल्किन नोव्हेंबर १९१६ मध्ये इंग्लंडला परतले आणि त्यानंतरच्या काळात त्यांनी ज्या कथा लिहायला घेतल्या, त्या त्यांच्या मृत्यूनंतर 'द बुक ऑफ लॉस्ट टेल्स' या नावाने प्रसिद्ध झाल्या. या कथांतील जग उघडउघड सपाट आहे. त्या काळच्या एका चित्रात तर जगाचा छेद डोलकाठी आणि शीड असलेल्या जहाजासारखा काढलेला दिसतो. एरिओल नावाचा मानवी खलाशी पश्चिमेकडे जात जात समुद्रातल्या एकाकी बेटावर पोचतो आणि तेथे राहणाऱ्या एल्फांकडून, म्हणजे मानवाच्या आधी जन्मलेल्या अमर वंशाकडून, जगाच्या आरंभापासूनच्या कथा ऐकतो, अशी त्यांची चौकट आहे. या अवस्थेत कोणत्याही विशेष वाटेची गरज नव्हती, कारण जो खलाशी पुरेसा दूर जाईल तो तेथे पोचेल, इतकाच सरळ हिशेब होता. अडचण निराळ्याच बाजूने आली. टॉल्किन यांना आपली कथा परक्या ग्रहावर घडवायची नव्हती. ती याच पृथ्वीच्या विसरल्या गेलेल्या भूतकाळात, आणि मुख्यतः वायव्य युरोपात घडते, हा त्यांचा आग्रह आयुष्यभर कायम राहिला. कथेची भूमी हीच पृथ्वी असेल आणि ही पृथ्वी गोल असेल, तर पश्चिमेला सतत जाणाऱ्या जहाजाला अमेरिकेचा किनारा लागतो, अमरभूमी लागत नाही. मग ती भूमी गेली कोठे, या प्रश्नाला त्या आरंभीच्या कथांत उत्तर नव्हते.

उत्तराची तयारी १९३० च्या दशकात लिहिलेल्या 'अंबारकांता' या छोट्या ग्रंथात झाली. टॉल्किन यांनी रचलेल्या एल्फांच्या भाषेत या शब्दाचा अर्थ 'जगाचा आकार' असा आहे आणि एखाद्या भूगोलवेत्त्याने लिहावे त्या थाटात, आकृत्या आणि नकाशे जोडून, तो लिहिलेला आहे. त्यातील मांडणी अशी की, मध्यभागी भूमी असून तिला खालून, वरून आणि चहूबाजूंनी 'वैया' हा महासागर वेढून राहिला आहे. भूमीच्या खाली तो समुद्रासारखा दाट आहे आणि वर हवेसारखा विरळ होत जातो. भूमीला लागून 'विस्ता' हा हवेचा थर आहे, ज्यात पक्षी उडतात आणि ढग तरंगतात. त्याच्यावर 'इल्मेन' हा निर्मळ थर आहे, ज्यात तारे, चंद्र आणि सूर्य संचार करतात आणि जो देहधारी जिवाला सोसत नाही. या सर्वांच्या बाहेर 'इलुरंबार', म्हणजे जगाच्या भिंती, आहेत. त्या बर्फ, काच आणि पोलाद यांच्यासारख्या थंड, पारदर्शक आणि कठीण असून त्यांना रात्रीचे दार नावाचे एकच दार आहे, आणि भिंतींच्या पलीकडे फक्त पोकळी आहे. पौराणिक जंबुद्वीप, त्याच्या मध्यावरचा मेरू आणि त्याला वेढणारी द्वीपे व समुद्र ज्यांच्या परिचयाचे आहेत, त्या वाचकाला अशी थरांची आणि वेढ्यांची रचना परकी वाटणार नाही. मात्र येथे जाणवणारा काटेकोरपणा आधुनिक आहे: उभ्या छेदात जग कसे दिसेल, कोणता थर कोठे संपतो, प्रकाश कोणत्या थरातून फिरतो, हे सारे आखून दाखवलेले आहे. या आकृत्यांपैकी तिसरी आकृती प्रलयानंतरच्या जगाची आहे. तिच्यात सपाट भूमीच्या जागी गोल आलेला आहे आणि जुनी दिशा न सोडणारी सरळ वाटही तिच्यात आहे.

हा प्रलय टॉल्किन यांच्या लेखनात शिरला त्याला एक मैत्री आणि एक स्वप्न कारणीभूत झाले. ऑक्सफर्डमधील त्यांचे स्नेही सी. एस. लुईस यांच्याशी १९३६ च्या सुमारास त्यांचे असे ठरले की, आपल्याला ज्या प्रकारच्या कथा वाचायला आवडतात त्या फारशा कोणी लिहीत नाही, तेव्हा त्या आपणच लिहाव्यात. नाणे उडवून लुईस यांच्या वाट्याला अवकाशप्रवास आला आणि टॉल्किन यांच्या वाट्याला कालप्रवास. लुईस यांनी आपला भाग पुरा केला आणि 'आउट ऑफ द सायलेंट प्लॅनेट' ही त्यांची कादंबरी १९३८ मध्ये प्रसिद्ध झाली. टॉल्किन यांनी 'द लॉस्ट रोड' ही कादंबरी आरंभली, आणि तिच्या मुळाशी लहानपणापासून त्यांना पुनःपुन्हा पडणारे एक स्वप्न होते: एक प्रचंड लाट हिरव्या भूमीवर अटळपणे चाल करून येते. या स्वप्नाचा उल्लेख त्यांनी पुढे पत्रांतून केला आहे आणि आपला मुलगा मायकेल यालाही तेच स्वप्न पडत असे, हे त्यांना मागाहून कळले. स्वप्न बापाकडून मुलाकडे उतरावे ही गोष्ट 'द लॉस्ट रोड'च्या रचनेशी फार जवळची आहे, कारण त्या कादंबरीत बाप आणि मुलगा यांच्या जोड्यांमधून कथा एकेक युग मागे सरकत जाणार होती आणि प्रत्येक युगातल्या जोडीची नावे 'एल्फांचा मित्र' व 'आनंदाचा मित्र' या दोन अर्थांची असणार होती. पहिल्या प्रकरणांत कॉर्नवॉलच्या समुद्रकिनारी राहणारा आल्बोइन नावाचा मुलगा मावळतीचे ढग पाहून, ते पश्चिमेच्या स्वामीचे गरुड असून न्यूमेनॉरवर चालून येत आहेत, असे बोलून जातो. हे नाव त्याने कोठून आणले, हे त्यालाही सांगता येत नाही.

न्यूमेनॉरची कथा टॉल्किन यांनी त्याच सुमारास 'द फॉल ऑफ न्यूमेनॉर' या स्वतंत्र टिपणात लिहिली आणि पुढे तिला अनेक रूपे दिली. तिचे सार असे की, पहिल्या मोठ्या युद्धात देवतांच्या बाजूने लढलेल्या मानवांना सागराच्या मध्यावर एक बेट बक्षीस मिळाले आणि त्याबरोबर एक बंधनही आले: आपल्या बेटाचा किनारा दिसेनासा होईल इतके पश्चिमेला त्यांनी जाऊ नये. पश्चिमेला देवता आणि एल्फ राहत होते आणि ते अमर होते; मानवाच्या नशिबी मृत्यू होता. पिढ्यानुपिढ्या वैभव वाढत गेले तशी मृत्यूची भीतीही वाढत गेली, सॉरॉन या कपटी शत्रूने राजाच्या मनात ती फुलवली, आणि अखेर राजाने प्रचंड आरमार घेऊन अमरभूमीवर स्वारी केली. तेव्हा देवतांनी जगाचा कारभार सोडून आदिकर्त्या इलुवातारला साकडे घातले आणि त्याने जगाचा आकारच बदलला: समुद्र दुभंगला, बेट बुडाले, अमरभूमी जगाच्या वर्तुळाबाहेर काढली गेली आणि उरलेले जग गोल झाले. एलेंडिल नावाचा एकनिष्ठ सरदार आणि त्याची दोन मुले नऊ जहाजांतून वाचून पूर्वेकडच्या किनाऱ्याला लागली, आणि त्यांच्या वंशजांचा इतिहास म्हणजेच पुढे 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'.

भूमितीच्या दृष्टीने सर्वांत मोलाचे साधन आहे ते या कथेचा पहिला, घाईत लिहिलेला आराखडा, कारण त्यात ही वस्तू अजून वाट झालेलीच नाही. तेथे टॉल्किन लिहितात त्याचा आशय असा की, भूमीची जुनी पातळी हवेतले एक मैदान म्हणून शिल्लक राहिली आणि त्यावर फक्त देवता आणि क्षीण होत चाललेले एल्फ चालू शकत होते. न्यूमेनॉरच्या वाचलेल्या लोकांपैकी अनेकांना ते मैदान अंधुक दिसे आणि त्यावरून जाता येतील अशी जहाजे बनवण्याचा त्यांनी खटाटोप केला, पण त्यांना साधली ती खालच्या हवेत तरंगणारी जहाजे, तर देवतांचे मैदान इल्मेनमधून आरपार जात होते. ही उडती जहाजे जगाभोवती फिरली आणि इतर मानव त्यांतल्या लोकांनाच देव समजले. म्हणजे आरंभी कल्पना रेषेची नसून प्रतलाची, सपाट पृष्ठाची होती. सपाट पत्रा वाकवून त्याचा गोळा केला तरी त्यावर आडवी धरलेली फूटपट्टी वाकत नाही. पत्रा तिच्यापासून दोन्ही बाजूंनी खाली निघून जातो, आणि टॉल्किन यांनी पाहिले ते नेमके हेच. पुढच्या मसुद्यांत हे रुंद मैदान आक्रसून एक अरुंद मार्ग झाले, आणि प्रकाशित रूपात त्याला अदृश्य पुलाची उपमा मिळाली. हा बदल लहान दिसला तरी त्याने कथेचा सूर बदलला: मैदानावर कोणीही चुकून पाऊल टाकू शकेल, वाट मात्र ज्याला दिली गेली त्यालाच सापडते. उडत्या जहाजांची कल्पनाही यथावकाश गळून पडली, आणि ती गळली हे कथेच्या हिताचेच झाले, कारण यंत्राच्या बळावर अमरभूमीच्या जवळ सरकता येईल अशी शंकाही त्या शोकांतिकेला मानवली नसती.

ही कल्पना किती अचूक आहे, हे थोडा हिशेब केला की कळते. पृथ्वीची सरासरी त्रिज्या ६३७१ किलोमीटर धरली आणि समुद्राच्या पृष्ठाला स्पर्श करणाऱ्या सरळ रेषेवरून एखादे जहाज निघाले, तर १०० किलोमीटर गेल्यावर ते पाण्यापासून जेमतेम पाऊण किलोमीटर वर असेल. १००० किलोमीटरनंतर मात्र ही उंची सुमारे ७८ किलोमीटर भरते, आणि मुंबईहून दिल्लीपर्यंतच्या हवाई अंतराइतका प्रवास होण्याच्या सुमारास जहाज १०० किलोमीटर उंचीची सीमा ओलांडते, जिच्यापुढे अवकाश सुरू झाले असे सर्वसाधारणपणे मानले जाते. सुरुवातीला वाट समुद्रापासून वेगळी झाली हेच कळू नये, मग पक्षी मागे पडावेत, मग हवा संपावी आणि देहाला न सोसणारा थर लागावा, हा टॉल्किन यांनी वर्णिलेला क्रम स्पर्शिकेच्या गणिताशी तंतोतंत जुळतो. भास्कराचार्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी'च्या गोलाध्यायात पृथ्वी सपाट का भासते याचे जे कारण दिले आहे, की परिघाचा अगदी छोटा भाग सरळच दिसतो आणि अफाट पृथ्वीपुढे मनुष्य फार लहान आहे, तेच या कथेच्या दुसऱ्या टोकाला लागू पडते: ज्या छोट्या अंतरात वर्तुळ आणि स्पर्शिका यांत फरक करता येत नाही, तेवढ्या अंतरातच वाकलेली वाट आणि सरळ वाट एकमेकींपासून फुटतात. प्रलयानंतरचे न्यूमेनॉरी खलाशी आयुष्यभर पश्चिमेला जात राहिले आणि नवी भूमी पाहून, थकून, निघाल्या ठिकाणी परत आले. सर्व वाटा आता वाकल्या आहेत, असा निष्कर्ष त्यांनी काढला. गोलाच्या पृष्ठावर जो सरळच जात राहतो तो मोठ्या वर्तुळावरून फिरून मूळ जागी येतो, हे भूमितीतले साधे सत्य आहे, आणि टॉल्किन यांनी त्याचेच हद्दपारीच्या दुःखात रूपांतर केले.

'द लॉस्ट रोड'च्या एका टिपणात एल्फवाइन हा प्राचीन इंग्रज खलाशी या वाटेच्या तोंडाशी पोचतो, त्याला खाली गोल जग वळत गेलेले दिसते आणि पुढे सरळ समोर एक चमकती भूमी दिसते, आणि तेवढ्यात त्याला मागे लोटले जाते. हा प्रसंग पुरता लिहिलाच गेला नाही. 'द हॉबिट' ही बालकादंबरी २१ सप्टेंबर १९३७ रोजी प्रसिद्ध होऊन लोकप्रिय ठरल्यावर टॉल्किन यांनी नोव्हेंबरमध्ये आपल्या प्रकाशकांकडे इतर हस्तलिखितांबरोबर 'द लॉस्ट रोड'चा अपुरा मजकूरही धाडला. तो पुरा झाला तरी खपेल असे प्रकाशकांना वाटले नाही. हॉबिटांचीच आणखी एक कथा हवी होती, आणि डिसेंबर १९३७ मध्ये तिचे पहिले प्रकरण लिहून झाले. हीच कथा पुढे सतरा वर्षांनी 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' म्हणून बाहेर पडली, आणि न्यूमेनॉरचा प्रलय व सरळ वाट या दोन्ही गोष्टी तिच्या पायात दडून राहिल्या. लुईस यांनी न्यूमेनॉर हे नाव ऐकले होते, वाचले नव्हते. 'दॅट हिडिअस स्ट्रेंग्थ' या १९४५ च्या कादंबरीत त्यांनी ते वेगळ्या स्पेलिंगने वापरले आणि आपल्या मित्राच्या अप्रकाशित हस्तलिखितांचा प्रस्तावनेत उल्लेख केला.

दुसरे महायुद्ध संपता संपता, मोठी कादंबरी अडून पडली असताना, टॉल्किन पुन्हा न्यूमेनॉरकडे वळले. 'द नोशन क्लब पेपर्स' हे १९४५–४६ मधील अपुरे लेखन म्हणजे ऑक्सफर्डमधील एका काल्पनिक मंडळाच्या बैठकींची टिपणे असून त्या बैठकी १९८० च्या दशकात भरल्या, असे मानलेले आहे. या लेखनात १९८७ च्या जूनमध्ये येणाऱ्या एका महावादळाचे वर्णन आहे आणि दक्षिण इंग्लंडला त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये खरोखरच भीषण वादळाने झोडपले, हा योगायोग अभ्यासकांच्या नजरेतून सुटलेला नाही. या लेखनाला जोडून टॉल्किन यांनी न्यूमेनॉरच्या लोकांसाठी अदूनाईक नावाची नवी भाषा रचली आणि त्या लोकांच्या दृष्टीतून प्रलयाची कथा 'द ड्राउनिंग ऑफ अनाडूने' या नावाने पुन्हा सांगितली. लुईस यांचे बंधू वॉरन यांच्या रोजनिशीत ऑगस्ट १९४६ मध्ये ही कथा मित्रमंडळींपुढे वाचली गेल्याची नोंद आहे आणि ती ऐकून ते प्रभावित झाले होते.

या नव्या कथेत विश्वरचना उलटी झाली. देवतांकडून आलेले दूत राजाला सांगतात की पृथ्वी फांदीवर लटकलेल्या सफरचंदासारखी आहे आणि तिच्याभोवती मेखला घालता येईल. म्हणजे ती मुळापासूनच गोल आहे. सॉरॉन येतो तो हे सारे खोटे ठरवतो आणि जग बंदिस्त वर्तुळ नसल्याचे शिकवतो. पूर्वी जे सपाट जग देवतांच्या मूळ रचनेचा भाग होते, ते आता फसवणुकीचे साधन बनले. या एका बदलाने सरळ वाटेचा आधारच काढून घेतला, कारण जग कधी वाकलेच नसेल तर न वाकलेली रेषा ही संज्ञाच उरत नाही. टॉल्किन यांनी याच काळात सृष्टीच्या उत्पत्तीची 'आयनुलिंडाले' ही कथाही गोल जगाला आणि आरंभापासून असलेल्या सूर्याला धरून पुन्हा लिहिली. मग त्यांनी दोन्ही रूपे, एकावर 'सपाट जग' आणि दुसऱ्यावर 'गोल जग' अशी नोंद करून, कॅथरिन फॅरर या लेखिकेला वाचायला दिली. ऑक्टोबर १९४८ मधील आपल्या उत्तरात फॅरर यांनी सपाट जगाच्या बाजूने कौल दिला. एका वाचकाच्या मताने किती फरक पडला हे मोजता येण्यासारखे नाही, परंतु टॉल्किन यांनी त्यानंतर सपाट जगाचेच रूप पुढे चालवले आणि प्रलयाची कथा 'अकल्लाबेथ' या नावाने पुन्हा रचली तेव्हा जुनी वाकण्याची घटना आणि नव्या कथेतले मानवी कथन ही दोन्ही तिच्यात एकत्र आणली. जगाचे वाकणे शेवटच्या पानांवर कायम राहिले, आणि सरळ वाट, अस्तित्वात असलीच पाहिजे अशी विद्वानांची श्रद्धा म्हणून, तिच्या शेजारी उभी राहिली.

१९५१ च्या अखेरीस प्रकाशक मिल्टन वॉल्डमन यांना लिहिलेल्या दीर्घ पत्रात टॉल्किन यांनी ही संपूर्ण रचना उलगडून सांगितली आहे. याहून स्पष्ट कबुली मात्र लेखिका नेओमी मिचिसन यांना सप्टेंबर १९५४ मध्ये लिहिलेल्या पत्रात येते. तेथे ते सांगतात की कथेच्या चौकटीतही आपण आज गोल पृथ्वीवरच राहतो आणि सपाट जगाकडून गोल जगाकडे होणारे संक्रमण आधुनिक पुराणकर्त्याला टाळता येण्याजोगे नव्हते, कारण त्याच्या डोळ्यांना जग प्राचीन माणसासारखेच दिसत असले तरी पृथ्वी गोल असल्याचे त्याला लहानपणीच शिकवलेले असते. सरळ वाटेचे याहून प्रामाणिक स्पष्टीकरण नाही. डोळ्यांचा अनुभव आणि शाळेतले ज्ञान यांच्या सांध्यावर ही रेषा आखलेली आहे.

याच वेळी छापल्या जात असलेल्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मध्ये (१९५४–५५) ही वाट फार थोड्या वेळा, पण मोक्याच्या ठिकाणी दिसते. कथानायक फ्रोडो ज्या जहाजातून निघून जातो ते याच वाटेने जाते, जरी त्या पानावर भूमितीचा एक शब्दही नाही. परिशिष्टात मात्र एक तपशील आहे जो सहज नजरेतून निसटतो. एलेंडिलने आणलेल्या सात दर्शक-स्फटिकांपैकी एक त्याने समुद्राजवळच्या टेकड्यांवरील मनोऱ्यात बसवला होता. इतर स्फटिक एकमेकांशी जोडलेले होते. हा एकच समुद्राकडे पाहत असे, कारण त्यातून 'सरळ दृष्टी'ने पश्चिमेला पाहता येई आणि नाहीशा झालेल्या अमरभूमीच्या किनाऱ्यावरचे एकाकी बेट दिसे, पण खालचे वाकलेले समुद्र न्यूमेनॉरला कायमचे झाकून होते. जो मनुष्य त्या मनोऱ्यात उभा राहील त्याला स्पर्शिकेच्या टोकावरची अमरभूमी दिसेल आणि स्पर्शिकेच्या खाली वक्रतेआड गेलेली स्वतःची जन्मभूमी दिसणार नाही, हा या रचनेचा निष्कर्ष आहे आणि तो क्षितिजाच्या साध्या नियमातून आपोआप निघतो. भूमितीची एवढी नेमकी आणि एवढी निष्ठुर योजना कथासाहित्यात फार क्वचित आढळते.

जग मुळापासून गोल मानण्याचा दुसरा आणि अधिक गंभीर प्रयत्न १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धात झाला. मोठी कादंबरी यशस्वी झाली होती, वाचक 'सिल्मरिलियन'ची, म्हणजे पहिल्या युगाच्या पुराणाची, वाट पाहत होते, आणि नेमक्या याच वेळी टॉल्किन यांना त्याच्या पायाबद्दल शंका येऊ लागली. ज्या वाचकांना पृथ्वी सूर्याभोवती फिरते हे ठाऊक आहे, त्यांच्यापुढे सपाट जग आणि झाडाच्या फळापासून घडलेला सूर्य ठेवता येणार नाही, असे त्यांना वाटू लागले. शिवाय ज्या एल्फांना देवतांनीच शिकवले ते खगोलशास्त्रात अडाणी कसे राहतील, हा त्यांचा दुसरा, कथेच्या आतून आलेला आक्षेप होता. म्हणून सपाट जगाच्या कथा ही एल्फांची विद्या नसून न्यूमेनॉरमधून उतरलेली मानवांची मिश्र परंपरा आहे, असे ठरवून सगळे पुराण नव्याने मांडण्याचा त्यांनी घाट घातला. पण सूर्य पहिल्यापासून असेल तर सूर्यापूर्वी जग उजळणाऱ्या दोन वृक्षांचे मोल काय, आणि एल्फ ताऱ्यांच्या प्रकाशात जागे झाले ते कसे, हे प्रश्न लगेच उभे राहिले. त्यांना उत्तर म्हणून आद्य शत्रू मेल्कोरने पसरलेल्या दाट धुराने सूर्य झाकला होता, असे तोडगे सुचवावे लागले. त्यांचे पुत्र क्रिस्टोफर टॉल्किन यांनी हे लेखन १९९३ मध्ये प्रसिद्ध करताना असे मत नोंदवले की त्यांचे वडील येथे स्वतःच्याच निर्मितीविरुद्ध एक भयंकर शस्त्र घडवीत होते. हे मत कठोर असले तरी मान्य करण्याजोगे आहे. पुराणातली सपाट भूमी ही तेथे चूक म्हणून आलेली नव्हती. ती हरवली, हीच तर सगळी कथा होती, आणि जे कधी नव्हतेच ते हरवू शकत नाही. सुदैवाने ही पुनर्रचना टिपणांच्या पुढे फारशी गेली नाही.

टॉल्किन २ सप्टेंबर १९७३ रोजी वारले तेव्हा 'सिल्मरिलियन' अपुरेच होते. क्रिस्टोफर यांनी तरुण कॅनेडियन सहकारी गाय गॅव्हरिएल के यांच्या मदतीने हस्तलिखितांतून एकसलग पाठ सिद्ध केला आणि तो सप्टेंबर १९७७ मध्ये प्रकाशित झाला. सपाट की गोल, हा निर्णय आता त्यांच्यावर येऊन पडला होता. त्यांनी जुनी रचना राखली: आरंभी सपाट जग, दोन वृक्ष, फळाफुलांतून झालेले सूर्य आणि चंद्र, आणि 'अकल्लाबेथ'मध्ये जगाचे वाकणे. वडिलांच्या अखेरच्या विचारांना त्यांनी मुख्य ग्रंथात जागा दिली नाही, पण ते दडपलेही नाहीत. १९८३ ते १९९६ या काळात प्रसिद्ध केलेल्या बारा खंडांच्या इतिहासग्रंथात त्यांनी प्रत्येक मसुदा, फाटाफुटीसकट, वाचकांपुढे ठेवला. 'अंबारकांता' आणि तिच्या आकृत्या त्यातील चौथ्या खंडात १९८६ मध्ये, 'द लॉस्ट रोड' पाचव्या खंडात १९८७ मध्ये आणि 'द नोशन क्लब पेपर्स' नवव्या खंडात १९९२ मध्ये छापले गेले. भूगोलतज्ज्ञ कॅरेन विन फॉन्स्टॅड यांनी १९८१ मध्ये तयार केलेला या कल्पित जगाचा, म्हणजे मध्यभूमीचा, नकाशासंग्रह १९९१ मध्ये सुधारून काढला तो या नव्या साहित्याच्या आधारेच.

ज्या वाचकाला ही रेषा नीट समजून घ्यायची असेल त्याने 'अकल्लाबेथ'ची शेवटची पाने वाचताना चौथ्या खंडातील तिसरी आकृती शेजारी उघडी ठेवावी, आणि त्यानंतरच गोल जगाचे मसुदे वाचायला घ्यावेत.